सूर दिला, कात्री तुमची

आमच्या गावच्या जत्रेत टुरिंग टॉकीज यायची. सांगलीकडचं, उसाच्या पट्ट्यातलं गाव. रात्री तंबूत सिनेमा, आणि सकाळी आम्हा पोरांचा उद्योग म्हणजे तंबूच्या मागं जाऊन फिल्मचे तुकडे हुडकायचे. रीळ तुटलं की ऑपरेटर दोन टोकं खरवडून चिकटवायचा आणि मधला फाटका भाग फेकून द्यायचा. नायकाचं तोंड असलेला तुकडा पाच गोट्यांना जायचा, नुसतं झाड असलेला कुणी फुकटही घ्यायचं नाही. उन्हाकडं धरून बघताना चित्रांच्या कडेला एक पांढरी रेघ दिसायची, करवतीच्या दात्यांसारखी. ती कशासाठी असते, कुणालाच ठाऊक नव्हतं. एका मित्राचं ठाम मत होतं की कापायचं तिथून असतं, म्हणून ती खूण.

ती रेघ म्हणजे फिल्मवर उमटवलेला आवाज, हे मला विशीत कळलं. पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावरच्या फिल्म अर्काइव्हच्या थिएटरात फ्रेंच दिग्दर्शक फ्रांस्वा त्रुफोचा ‘डे फॉर नाइट’ (1973) बघायला बसलो होतो. दिवे गेले, पडदा काळा, आणि एका कडेला तीच रेघ. वरखाली नाचत होती. मला वाटलं, प्रिंट सरकली. मग आवाज आला: ऑर्केस्ट्राची तालीम चाललीय, एक माणूस फ्रेंचमधून वादकांना काहीबाही सांगतोय, थांबवतोय, पुन्हा सुरू करायला लावतोय. तो बोलला की रेघ थरथरायची, तंतुवाद्यं लागली की फुगायची. नामावली पुढं सरकत होती आणि माणूस काही दिसत नव्हता. शेजारच्याला विचारलं तर तो म्हणाला, “म्युझिक डिरेक्टर आहे. झॉर्ज देलरू.” आणि चिप्सची पिशवी पुढं केली.

म्हणजे या माणसाशी माझी ओळख झाली ती चेहरा नसलेला आवाज म्हणून. पुढं मीही त्याच धंद्यात पडलो. मालिका आणि माहितीपटांना पार्श्वसंगीत देतो. महिन्यातून दोनदा तरी संकलकाचा फोन येतो. परवाही आला: “दादा, तुमचा तो सव्वा मिनिटाचा पीस मी अठरा सेकंदांवर आणलाय. मधेच सासूबाईंचा डायलॉग येतोय. चालेल ना?” हे ‘चालेल ना’ विचारण्यासाठी नसतं, कळवण्यासाठी असतं. मालिका कुठली ते जाऊ द्या. फोन ठेवला की मला देलरू आठवतो. कात्रीचे जितके प्रकार असतात तितके सगळे त्याच्या वाट्याला आले, आणि तरी हा माणूस दुसऱ्या दिवशी सकाळी नवी चाल लिहायला बसायचा.

त्याचा जन्म 12 मार्च 1925 चा, फ्रान्सच्या उत्तरेकडच्या रूबे गावातला. लोकरीच्या गिरण्यांचं, धुराड्यांचं, बेल्जियमच्या हद्दीजवळचं गाव. घरात गाण्याची हौस होती, पैसा नव्हता. क्लॅरिनेट शिकत होता, पण युद्ध आलं आणि पंधराव्या वर्षी शाळा सोडून त्याला कारखान्यात कामाला लागावं लागलं. त्यात सायकलवरून पडला. तपासणीत मणका वाकडा निघाला. शस्त्रक्रिया झाल्या, कित्येक महिने पाठीवर पडून काढले. क्लॅरिनेट सुटली, तिच्या जागी पियानो आला. त्या अंथरुणातच त्यानं ठरवलं की आपण संगीत लिहायचं. पुढच्या फोटोंत बघितलं तर ते पोक दिसतं: बुटका, किंचित वाकलेला माणूस, हात वर केलेले, समोर साठ-सत्तर वादक.

1945 मध्ये तो पॅरिसच्या कॉन्झर्व्हेटरीत, म्हणजे तिथल्या मोठ्या संगीतशाळेत, पोचला. पोटासाठी बारशात वाजवायचा, लग्नात वाजवायचा, मयतीला वाजवायचा, रात्री ऑपेरा भागातल्या बारमध्ये जॅझचा पियानो. आपल्याकडचा बँडवालाही याच क्रमानं जगतो, फक्त त्याला कुणी मिलो भेटत नाही. देलरूला भेटला. दारियूस मिलो, स्वतः नावाजलेला संगीतकार, त्याचा गुरू. नाटक-सिनेमाच्या संगीतात तुला गती आहे, हे त्यानं ओळखलं आणि त्याला तिकडं ढकललं. 1948 मध्ये आव्हिन्योंच्या नाट्यमहोत्सवात कामं मिळाली, 1949 मध्ये ‘प्री द रोम’ या संगीतरचनेच्या स्पर्धेत दुसरं बक्षीस. फ्रान्समध्ये त्या बक्षिसाचा मान मोठा. तिथून माणूस मैफलीच्या सभागृहाकडं जातो, सिंफनी लिहितो. देलरू रेडिओच्या स्टुडिओत गेला आणि लघुपटांना संगीत देऊ लागला.

मला हा टप्पा फार महत्त्वाचा वाटतो आणि त्याच्यावर कुणी फारसं लिहीत नाही. लघुपटाला पैसे नसतात. चार-सहा वादक, एक दिवस स्टुडिओ, आणि गोष्ट दहा-वीस मिनिटांत संपते. तिथं लांबलचक प्रस्तावना करायला सवड नसते. दोन ओळींत भाव उभा करायचा आणि बाजूला व्हायचं. 1958 मध्ये आन्येस व्हार्दाच्या ‘लोपेरा-मूफ’ला त्यानं संगीत दिलं. पॅरिसच्या एका बाजारपेठेतली माणसं टिपणारा तो लघुपट. पुढच्या वर्षी आलें रेनेच्या ‘हिरोशिमा मोन आमूर’चं संगीत जोव्हान्नी फुस्कोचं होतं, त्यात देलरूच्या वाट्याला एक वॉल्ट्झ आला, म्हणजे तीन ठोक्यांच्या नाचाची एक चाल. एक वॉल्ट्झ! आजच्या भाषेत ‘एक गाणं मिळालं’ असं म्हणू. पण ज्या तरुण दिग्दर्शकांना पुढं ‘न्यू वेव्ह’ म्हणून जग ओळखणार होतं, त्यांच्या वर्तुळात तो शिरला तो असा. त्यांनाही तोच हवा होता, कारण त्यांच्याकडंही पैसे नव्हते.

1960 मध्ये त्रुफोचा ‘शूट द पियानो प्लेयर’ आला. नायक झालेला गायक शार्ल आझनावूर बारमध्ये उभ्या पियानोवर एक टिंगलखोर, किंचित बेसूर वाटणारी चाल बडवत असतो. मैफलीचा मोठा वादक एके काळी, आता इथं लपून बसलेला. ती चाल देलरूची. ऑपेराजवळच्या बारमध्ये घालवलेल्या रात्री तिथं कामी आल्या असणार, असा माझा अंदाज. 1962 मध्ये ‘ज्यूल्स अँड जिम’. तिथं एक गंमत आहे. त्या सिनेमातलं ज्यान मोरोनं गिटारच्या साथीवर गायलेलं गाणं सगळ्या जगाला पाठ झालं, आणि लोक ते बिनदिक्कत देलरूच्या नावावर टाकतात. ते त्याचं नाही, सेर्ज रेझवानीचं आहे. बाकीचं सगळं संगीत, ज्याच्यामुळं सिनेमा पहिल्या मिनिटापासून जत्रेतल्या चक्रीपाळण्यासारखा फिरायला लागतो, ते देलरूचं. पार्श्वसंगीतवाल्याचं हे नशीबच असतं. लोकांना गाणं आठवतं.

आणि मग 1963, ‘कंटेम्प्ट’.

‘न्यू वेव्ह’मधल्याच ज्याँ-ल्यूक गोदारचा हा सिनेमा मी किती वेळा पाहिला असेल, मोजलेलं नाही. सुरुवातीला पडद्यावर नामावलीची अक्षरं येतच नाहीत. रुळांवरून कॅमेरा हळूहळू आपल्याकडं येत असतो आणि गोदारचा आवाज नामावली बोलून दाखवतो: कथा मोराव्हियाची, छायाचित्रण राऊल कुतारचं, संगीत झॉर्ज देलरूचं. आणि ते संगीत तेव्हाच खालून वाहायला लागलेलं असतं. फक्त तंतुवाद्यं, संथ, लाटेसारखी चढणारी आणि काठाला लागायच्या आत मागं फिरणारी. अजून गोष्ट सुरू व्हायचीय आणि हे संगीत ती संपल्यासारखं वाजतंय.

गोष्ट काय, तर एका पटकथालेखकाची बायको त्याच्यावर प्रेम करायची थांबते. का, ते ती सांगत नाही. आपण बघतो ती एवढीशी गोष्ट: अमेरिकन निर्मात्याच्या लाल गाडीत दोघांचीच जागा आहे, तो म्हणतो हिला मी नेतो, आणि नवरा म्हणतो, जा की, मी येतो टॅक्सीनं. बस. मग त्यांच्या अर्धवट सजवलेल्या फ्लॅटमध्ये जवळजवळ अर्धा तास ती दोघं या खोलीतून त्या खोलीत फिरत राहतात. आंघोळ, टेबल लावणं, सोफ्यावर अंथरूण टाकणं. बोलणं किरकोळ. आणि मधेच, काही कारण नसताना, ती चाल सुरू होते. एखाद्या साध्या वाक्याच्या खाली येते, वाक्याला गिळून टाकते, आणि ओळ पुरी व्हायच्या आत कापली जाते. परत खोलीतली शांतता. परत सुरू.

संगीतकाराच्या बाजूनं बघितलं तर हा अत्याचार आहे. देलरूनं मोजकंच संगीत लिहून दिलं होतं, आणि गोदारनं त्यातली एक चाल उचलून सिनेमाभर लावली, हवी तिथं, हवी तशी तोडून. आमच्या धंद्यात प्रसंगाचा चढउतार बघून सेकंदाच्या हिशेबानं पीस बांधायचा असतो: इथं ती वळते, इथं दार वाजतं, इथं सूर सोडायचा. गोदारनं तो हिशेबच फेकून दिला. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी तिथंच, थिएटरात, चिडलो होतो.

मग एकदा दिवाळीत गावी गेलो असताना उसाची लागण चालली होती. बेण्याचा ऊस पडलेला, बायका कोयत्यानं त्याच्या टिपऱ्या करत बसलेल्या. दोन डोळ्यांची एक टिपरी. ऊस कितीही लांब असो, कुठूनही तोडा, तुकड्यात जिवंत डोळा असला की तो उगवतो, आणि डोळा नसला तर हातभर कांडं लावूनही जमिनीत कुजतं. तिथं बांधावर उभा असताना मला ती चाल ऐकू आली, खरंच. देलरूच्या चालीला प्रत्येक पेरावर डोळा आहे. चार सेकंद ठेवा, अख्खं दुःख उगवतं. मधूनच सुरू करा, तिथूनही उगवतं. गोदारला हे कळलं होतं, म्हणून तर त्यानं कोयता चालवला. लघुपटांच्या त्या दिवसांत दोन ओळींत भाव उभा करायची जी सवय लागली, तिचं हे फळ, असं मी मानतो. वडिलांना सांगायला गेलो तर ते म्हणाले, “उन्हात उभा राहू नको.”

पण याच सिनेमाची दुसरी कात्री ऐका. निर्मात्यांपैकी एक, कार्लो पाँती, यानं इटलीत दाखवायची प्रत वेगळी करून घेतली. सिनेमा कापला, चार भाषांत बोलणाऱ्या पात्रांना सरसकट इटालियनमध्ये डब केलं. एक पात्र तर दुभाषी आहे, म्हणजे तिला कामच उरलं नाही. आणि देलरूचं संगीत काढून पिएरो पिच्चोनीचं जॅझ घातलं. इटलीतल्या प्रेक्षकांनी जो ‘कंटेम्प्ट’ पाहिला, त्यात ती चाल नव्हतीच. पिच्चोनी वाईट संगीतकार नव्हे. पण ते ऐकताना एखाद्याच्या घरी जावं आणि त्याच्या खुर्चीत दुसराच कुणी बसलेला असावा, तसं होतं. ती चाल मात्र मेली नाही. 1995 मध्ये मार्टिन स्कॉर्सेसीनं ती ‘कसिनो’त वापरली. लास व्हेगासचे जुगारी अड्डे, आणि त्यात फ्रेंच नवरा-बायकोचं भांडण. उगवलीच की.

त्रुफोची कात्री वेगळ्या जातीची. तो प्रेमानं वागायचा आणि मधूनच गायब व्हायचा. ‘सॉफ्ट स्किन’ (1964) नंतर त्यानं देलरूला सोडून बर्नार्ड हर्मनला गाठलं, मग आंत्वान द्युआमेलला. 1971 मध्ये परत देलरू. मग पुन्हा 1975 ते 78 अशी चार वर्षं, सलग चार सिनेमे, त्यानं संगीत घेतलं ते मोरिस झोबेरचं. हा झोबेर 1940 मध्ये युद्धात मारला गेलेला. ज्याँ व्हिगोच्या ‘लातालांत’चा संगीतकार, मोठा माणूस. त्रुफोनं त्याच्या जुन्या रचना शोधून नव्यानं वाजवून घेतल्या. दिग्दर्शकाच्या दृष्टीनं मेलेला संगीतकार सोयीचा असतो. तो तालमीला येत नाही, रुसत नाही, इथं सूर तोडू नका म्हणत नाही. पण जिवंत संगीतकारानं पेपरात वाचावं की आपल्या मित्रानं आपल्याऐवजी पस्तीस वर्षांपूर्वी गेलेल्या माणसाला कामावर घेतलंय! मला कुणी असं केलं असतं तर मी त्याचा नंबर डिलीट केला असता. देलरूनं 1979 मध्ये ‘लव्ह ऑन द रन’चं संगीत केलं, पुढच्या वर्षी ‘द लास्ट मेट्रो’चं, आणि 1983 मध्ये त्रुफोच्या शेवटच्या सिनेमाचंही त्यानंच केलं. मोजले तर दहा पूर्ण लांबीचे सिनेमे होतात. ‘लव्ह ऑन द रन’ आणि ‘द लास्ट मेट्रो’साठी त्याला सेझार, म्हणजे फ्रान्सचं ऑस्कर म्हणावं असं बक्षीस, मिळालं, आणि त्याच्या आदल्या वर्षी बर्त्रां ब्लिएच्या सिनेमासाठी मिळालेलं धरून सलग तीन.

या मैत्रीचं मला आवडणारं दृश्य ‘डे फॉर नाइट’मध्येच आहे. त्रुफो स्वतः दिग्दर्शकाच्या भूमिकेत, शूटिंगच्या कटकटींनी गांजलेला. फोन येतो. पलीकडून झॉर्ज: चाल तयार आहे, ऐक. आणि फोनमधून संगीत यायला लागतं, फोनमधून येतं तसंच, बारीक, डब्यातलं. हा ऐकता ऐकता एक पार्सल फोडतो. आतून पुस्तकं निघतात, एकेका दिग्दर्शकावरची: बुन्युएल, ड्रायर, हिचकॉक, ब्रेसाँ. एकेक पुस्तक टेबलावर पडतं आणि खाली ती चाल वाजत असते. मी हे दृश्य बघतो तेव्हा माझं लक्ष पुस्तकांकडं नसतं. पलीकडं, तिकडच्या खोलीत, रिसीव्हर स्पीकरपाशी धरून उभ्या असलेल्या माणसाकडं असतं. तो काय विचार करत असेल? आवडेल ना? व्हॉट्सअॅपवर ट्रॅक पाठवून दोन निळ्या टिका येईपर्यंत मी जे करतो, तेच. चहाचं भांडं उगाच विसळणं.

अमेरिकेत तो गेला तेव्हा पन्नाशी उलटलेली होती. ‘अ लिट्ल रोमान्स’साठी 1980 मध्ये ऑस्कर मिळालं (त्या सिनेमात विवाल्दीचाही एक तुकडा आहे, आणि पुष्कळ लोकांना तोच आठवतो, गाणं आठवतं, म्हटलं ना). मग लॉस एंजेलिस, मोठे ऑर्केस्ट्रा, मोठे पैसे. आणि मोठ्या कात्र्या. 1983 मध्ये डिस्नीच्या ‘समथिंग विकेड धिस वे कम्स’साठी लिहिलेलं त्याचं सगळं संगीत बाजूला ठेवून जेम्स हॉर्नरकडून नवं करून घेण्यात आलं. 1986 मध्ये ‘प्लॅटून’चं संगीत त्याचं, पण बाहेर पडताना प्रेक्षकाच्या कानात उरतो तो सॅम्युएल बार्बरचा अडाजिओ, तंतुवाद्यांची ती संथ रचना, 1938 पासून वाजत आलेली. हा सापळा आम्हाला चांगला माहीत आहे. संकलन करताना दिग्दर्शक तात्पुरतं म्हणून कुणाचं तरी थोर संगीत लावून ठेवतो, महिनाभर तेच ऐकतो, आणि मग तुम्ही काहीही आणा, त्याच्या कानाला ते परकं लागतं. सुनेनं कितीही चांगली आमटी केली तरी ‘आईसारखी नाही’, तशातली गत.

सगळंच त्याचं मला आवडतं असं नाही. अमेरिकेतल्या कामांत कधी कधी साखर जास्त पडते. जिथं गप्प बसायला हवं तिथं व्हायोलिनं डोळे पुसायला धावतात. गोदारसारखा कुणी निर्दय माणूस संकलनाच्या टेबलावर असायला हवा होता, असं वाटतं. हे लिहिताना माझं मलाच हसू येतंय.

21 ऑक्टोबर 1984 ला त्रुफो गेला, अवघ्या बावन्नाव्या वर्षी. देलरू आणखी साडेसात वर्षं लिहीत राहिला. सिनेमा आणि टीव्ही मिळून त्याची कामं साडेतीनशेच्या वर भरतात. शेवटचं काम 1992 च्या मार्चमधलं, ‘रिच इन लव्ह’ नावाच्या सिनेमाचं. नेहमीसारखा स्वतःच वादकांसमोर उभा राहिला, शेवटचा पीस रेकॉर्ड केला, आणि त्यानंतर लगेच पक्षाघाताचा झटका आला. 20 मार्चला गेला. सदुसष्टावा वाढदिवस होऊन आठवडा झाला होता.

परवाच्या त्या फोननंतर रात्री मी संकलकानं पाठवलेली फाइल उघडली. लॅपटॉपवर ती रेघ आता निळी दिसते, दाते मात्र तेच. माझा सव्वा मिनिट आणि त्यातून त्यानं ठेवलेले अठरा सेकंद. कापलं होतं बरोबर ओळीच्या मध्यावर. पाच-सहा वेळा वाजवलं, मग डोळे मिटून. काही उगवेना. मग उरलेलं सत्तावन्न सेकंदही तसंच तुकड्या-तुकड्यांनी वाजवून बघितलं, हातात कोयता असल्यासारखं. तिथंही नाही. लांबच लांब, छान, रसाळ कांडं.

सकाळी संकलकाला फोन केला. म्हटलं, ते अठरा सेकंद काढून टाक, मी बारा सेकंदांचं नवीन देतो.

“बाराच?” तो म्हणाला. मागं कुणीतरी सासूबाईंचा तोच डायलॉग पुन्हा पुन्हा वाजवत होतं. “बरं. पण पाचच्या आत पाठवा हां दादा, एपिसोड आज जायचाय.”